दगडफुलाची नाडी पाहणारा डॉक्टर

लोणावळ्यात वळवण किंवा तुंगार्लीच्या बाजूला एखाद्या जुन्या आंब्याच्या खोडाकडे जवळून पाहिले, तर खरी साल बोटभरही दिसत नाही. कुठे राखाडी-हिरवट पापुद्रे चिकटलेले असतात, कुठे पांढरट ठिगळांवर बारीक काळ्या रेघा, तर कुठे सबंध खोडाला कुणी भगवा रंग फासल्यासारखा पट्टा. गावात विचारले तर कुणी सांगतो, ‘शेवाळ धरलंय’. दुसरा म्हणतो, ‘बुरशी आहे’. दोघेही बरोबर आहेत आणि दोघेही अर्धवट. या दोन उत्तरांची बेरीज करण्यासाठी युरोपातल्या वनस्पतिशास्त्राला एकोणिसाव्या शतकाचा बराचसा काळ खर्ची घालावा लागला, आणि त्या बेरजेचा पहिला आकडा मांडणारा माणूस शिक्षणाने डॉक्टर होता.

ही वस्तू मराठी घराला अनोळखी नाही. गोडा मसाला किंवा काळा मसाला करताना तेलात परतायच्या जिनसांमध्ये चुरगळलेल्या काळपट पानासारखे जे दगडफूल असते, ते हेच. कोरडे हुंगले तर फारसा वास येत नाही. तेलात पडले की मात्र त्याचा खमंगपणा सुटतो. आयुर्वेदात ते शैलेय या नावाने येते, तर मराठी विश्वकोशासारख्या ग्रंथांत शैवाक म्हणून. ते फूल नाही, पान नाही, आणि दगडावरच येते असेही नाही. बाजारातले बरेचसे दगडफूल हिमालयातल्या आणि दक्षिणेतल्या डोंगरांतल्या झाडांवरून खरवडून आलेले असते. एका पुडीत त्याच्या दोन-तीन जाती सहज मिसळलेल्या सापडतात. पार्मोट्रेमा ही त्यातली मुख्य प्रजाती.

बेरजेचा पहिला आकडा मांडणारे ते डॉक्टर म्हणजे आंतोन डे बारी. त्यांचा जन्म २६ जानेवारी १८३१ रोजी जर्मनीतल्या फ्रँकफुर्टमध्ये झाला. वडील डॉक्टर, घरात दहा भावंडे. मुलाला रानात भटकायचा आणि वनस्पती गोळा करायचा नाद होता. त्या नादाला वळण लावले गेओर्ग फ्रेसेनियस यांनी. तेही पेशाने डॉक्टरच, शिवाय वनस्पतिशास्त्र शिकवणारे आणि बुरशी-शैवालांचे जाणकार. यात नवल नव्हते. औषधे झाडपाल्यापासून होत, म्हणून वनस्पतिशास्त्र हा वैद्यकीय अभ्यासक्रमाचाच भाग होता. जर्मनीतल्या दगडफुलांच्या अभ्यासकांची यादी पाहिली तर त्यात डॉक्टर पुन्हा पुन्हा भेटतात. नोर्डहाउझेन गावचे कार्ल फ्रीडरिश वालरोथ (१७९२-१८५७) हे लष्करात वैद्यकी करून आलेले डॉक्टर. दगडफुलाच्या आतल्या हिरव्या पेशींना त्यांनी १८२५ मध्ये ‘गोनिडिया’ हे नाव दिले आणि त्या दगडफुलाच्याच पुनरुत्पादक पेशी आहेत असे मानले. कोन्स्टान्सचे डॉक्टर एर्न्स्ट श्टिट्सेनबेर्गर यांनी तर आपल्या गावात बसून आफ्रिकेच्या दगडफुलांची मोठी सूची सिद्ध केली.

डे बारी हायडेलबर्ग, मारबुर्ग आणि बर्लिन येथे शिकले. १८५३ मध्ये बर्लिनला डॉक्टर झाले, पण प्रबंध लिहिला वनस्पतींच्या लैंगिक प्रजननावर! त्याच वर्षी पिकांवर काणी आणि तांबेरा आणणाऱ्या बुरशींवर त्यांचे पुस्तक निघाले. तेव्हा ते बावीस वर्षांचे होते. फ्रँकफुर्टला परतून त्यांनी दवाखाना थाटला खरा, पण तो फार दिवस चालवला नाही. ट्युबिंगेनला जाऊन त्यांनी वनस्पतिशास्त्राची वाट धरली आणि १८५५ मध्ये फ्रायबुर्गला अध्यापक झाले. पुढे १८६७ पासून हाले आणि १८७२ पासून श्ट्रासबुर्ग. फ्रान्सकडून जिंकलेल्या या शहरातल्या नव्याने उभारलेल्या विद्यापीठाचे ते पहिले कुलगुरू.

दवाखाना सुटला, डॉक्टरी नजर सुटली नाही. रोगी फक्त बदलले.

१८४५ पासून आयर्लंडमध्ये बटाट्याचे पीक करपून गेले आणि लाखो माणसे उपासमारीने मेली. करपलेल्या पानांवर बुरशी दिसते हे तेव्हाही ठाऊक होते, पण बहुतेक विद्वानांच्या मते हवा-पाण्याने किंवा जमिनीच्या दोषाने पीक आधी सडते आणि मग त्यावर बुरशी येते. डे बारी यांनी निरोगी पानांवर बुरशीचे बीजाणू टाकून पाहिले. ओलावा मिळताच बीजाणू रुजले, पानात शिरले आणि पान करपले. बीजाणू न टाकलेली पाने तशीच राहिली. १८६१ मध्ये त्यांनी हे प्रसिद्ध केले. पुणे जिल्ह्यात आंबेगाव तालुक्यातल्या सातगाव पठारावरचा बटाटा उत्पादक ढगाळ हवा पडली की करप्याच्या धास्तीने औषध फवारतो, त्यामागचा कार्यकारणभाव हाच. त्या बुरशीचे फायटोप्थोरा इन्फेस्टन्स हे आजचे नावही डे बारी यांनीच १८७६ मध्ये रूढ केले. गव्हावरच्या तांबेऱ्याची कथा अधिक गुंतागुंतीची आहे. तांबेऱ्याची बुरशी आयुष्याचा एक भाग गव्हावर आणि दुसरा भाग बार्बेरी या अगदी वेगळ्या झुडपावर काढते, हे त्यांनी १८६५ मध्ये प्रयोगाने दाखवले. युरोपातले शेतकरी गव्हाच्या बांधावरची बार्बेरी तोडायला सांगत असत; ती अडाणी समजूत नव्हती असा याचा अर्थ. (आपल्याकडे याच रोगाच्या अभ्यासासाठी महाबळेश्वरला गहू गेरवा संशोधन केंद्र आहे.)

एका जिवाच्या आत दुसरा जीव राहतो, वाढतो, आतल्या आत व्यवहार करतो, हे ज्याने रोगट पानांत वर्षानुवर्षे पाहिले होते, त्याने दगडफूल सूक्ष्मदर्शकाखाली धरले. दगडफुलांचेच तज्ज्ञ असलेल्या मंडळींना जे दिसत नव्हते ते त्याला दिसले, याचे कारण मला तरी हेच वाटते. तज्ज्ञांच्या लेखी दगडफूल ही एक स्वतंत्र, अखंड वनस्पती होती. त्यांनी तिच्या शेकडो जातींना नावे दिली होती, कपाटे भरली होती. ती ‘एक’ नाहीच असे म्हणणे म्हणजे आयुष्यभराच्या कामाखालची सतरंजीच ओढणे.

१८६६ मध्ये बुरशी, दगडफुले आणि श्लेष्मकवके यांच्यावरचा डे बारी यांचा मोठा ग्रंथ आला. त्यात चिकट, जेलीसारख्या दगडफुलांबद्दल त्यांनी दोन शक्यता मांडल्या. एक तर ज्यांना आपण नॉस्टॉकसारखी शैवाले म्हणतो ती या दगडफुलांची अपुरी वाढलेली रूपे असावीत. नाही तर ही दगडफुले म्हणजे बुरशीने आत शिरकाव केलेली शैवालेच असावीत. पावसाळ्याच्या सुरुवातीला मावळातल्या कातळांवर काळपट हिरव्या जेलीचे गोळे फुगतात, त्यात नॉस्टॉक असते. डे बारी यांचे विधान अशाच जेलीदार प्रकारांपुरते होते. त्यांनी निकाल दिला नाही, दोन निदाने पुढे ठेवली.

निकाल दिला तो स्विस शास्त्रज्ञ सिमोन श्वेंडेनर यांनी, पुढच्याच वर्षी. १८६७ च्या सप्टेंबरात त्यांनी जाहीर केले की सगळीच दगडफुले दुहेरी आहेत: बुरशी मालक आणि शैवाल तिचे बंदिवान गुलाम. बुरशी कोळ्याप्रमाणे जाळे विणून शैवालांना वेढते, अशी त्यांची मांडणी. गदारोळ उठला. स्कॉटलंडचे जेम्स क्रॉम्बी यांनी बंदिनी शैवाल आणि जुलमी बुरशी यांची ही प्रेमकहाणी आहे म्हणून टर उडवली. सर्वांत कडवा विरोध केला तो विल्हेल्म न्युलांडर यांनी. पॅरिसमध्ये राहणारे हे फिनलंडचे संशोधक शिक्षणाने तेही डॉक्टर. त्या काळातले दगडफुलांचे सर्वांत मोठे जाणकार. १८९९ मध्ये मरेपर्यंत त्यांनी हा सिद्धान्त मान्य केला नाही.

पण न्युलांडर यांना केवळ हटवादी म्हणून निकालात काढता येत नाही. डे बारी यांचा ग्रंथ आला त्याच १८६६ साली त्यांनी पॅरिसच्या लक्झेंबर्ग बागेतल्या दगडफुलांविषयी लिहिले: बागेत टिकलेली दगडफुले शहरात इतरत्र दिसत नाहीत, म्हणजे हवेची शुद्धता मोजायला ती उपयोगी पडतात. प्रदूषण मोजणाऱ्या यंत्रांच्या कितीतरी आधीची ही गोष्ट. त्याच सुमारास दगडफुलावर पोटॅशचे किंवा ब्लीचिंग पावडरचे पाणी टाकून रंग कसा बदलतो यावरून जात ओळखण्याची युक्तीही त्यांनी काढली. तीच चाचणी आजही करतात. मसाल्याच्या पुडीतल्या पार्मोट्रेमा टिंक्टोरमचा वरचा थर खरवडून आतल्या पांढऱ्या भागावर ब्लीचिंग पावडरच्या पाण्याचा थेंब टाकला, की तो लाल होतो. एका डॉक्टरने दगडफुलाच्या आतले दोघे जण पाहिले, दुसऱ्याने त्याचे रसायन आणि हवेशी असलेले नाते. दोघांना मात्र एकमेकांचे पटणे शक्य नव्हते.

वाद प्रयोगाने मिटला. रशियातल्या संशोधकांनी दगडफुलातली हिरवी पेशी बाहेर काढून ती स्वतंत्रपणे जगते हे दाखवले. मग डे बारी यांच्याकडेच शिकलेल्या एर्न्स्ट श्टाल यांनी १८७७ मध्ये उलट प्रयोग केला: बुरशीचे बीजाणू आणि शैवाल एकत्र ठेवून त्यांनी दगडफूल ‘तयार’ केले, अगदी त्याला पुन्हा बीजाणू येईपर्यंत.

याच पार्श्वभूमीवर सप्टेंबर १८७८ मध्ये कासेल येथे जर्मन निसर्गशास्त्रज्ञ आणि डॉक्टर यांच्या संमेलनात डे बारी बोलायला उभे राहिले. विषय होता सहजीवन. वेगवेगळ्या जातींच्या जिवांनी एकत्र राहणे, एवढीच त्यांची व्याख्या होती, आणि तिचे मुख्य उदाहरण होते दगडफूल. आपल्या शालेय पुस्तकांत सहजीवन म्हणजे दोघांचाही फायदा असे शिकवले जाते, पण डे बारी यांनी परजीवी रोगजंतूलाही त्याच यादीत बसवले होते. पूर्ण लुबाडणूक आणि पूर्ण सहकार्य ही दोन टोके; मध्ये अनेक पायऱ्या. करपा आणि दगडफूल त्यांच्या दृष्टीने एकाच घाटातले दोन थांबे होते. त्या भाषणात त्यांनी आणखी एक उदाहरण घेतले, अझोलाचे. पाण्यावर तरंगणाऱ्या या नेच्याच्या पानात ॲनाबेना हे नीलहरित शैवाल राहते आणि हवेतला नायट्रोजन बांधते. भातखाचरात किंवा गोठ्याशेजारच्या खड्ड्यात अझोला वाढवणाऱ्या शेतकऱ्याला त्याची किंमत वेगळी सांगायला नको.

१८८७ मध्ये डे बारी आजारी पडले. जबड्यात गाठ झाली होती. शस्त्रक्रिया झाली, पण गुण आला नाही. १९ जानेवारी १८८८ रोजी, सत्तावन्नाव्या वाढदिवसाला आठवडा असताना, श्ट्रासबुर्गमध्ये त्यांचे निधन झाले.

आता पुन्हा घाटाकडे. डे बारी यांचा सिद्धान्त पुस्तकातल्या आकृतीपेक्षा लोणावळ्याच्या खोडावर जास्त स्वच्छ दिसतो. सुरुवातीला उल्लेख केलेला तो भगवा पट्टा दगडफूल नाही. ते ट्रेंटेपोलिया नावाचे शैवाल आहे. वर्गीकरणाने हिरवे शैवाल, पण गाजराला रंग देणाऱ्या रंगद्रव्यांच्या जातकुळीतली रंगद्रव्ये त्यात इतकी भरलेली असतात की हिरवा रंग झाकला जातो. दमट हवेत ते खोडांवर, भिंतींवर स्वतंत्रपणे वाढते. त्याच्याच शेजारी पांढरट ठिगळ असते आणि त्यावर मोडी लिपीत कुणी घाईने दोन ओळी खरडल्यासारख्या काळ्या रेघा. हे ग्राफिस कुळातले दगडफूल. त्या रेघा म्हणजे बुरशीची बीजाणू तयार करणारी फळे, आणि त्या ठिगळाच्या आत बुरशीच्या धाग्यांत गुंतलेले शैवाल असते ट्रेंटेपोलियाच. म्हणजे एकाच खोडावर शैवाल सुटे आणि शैवाल बुरशीच्या ताब्यात, अशी दोन्ही रूपे हातभर अंतरावर बघायला मिळतात. नखाने ठिगळ किंचित खरवडले तर आतला पिवळट-हिरवा किंवा नारिंगी थर दिसतो. (खरवडणे एकदाच पुरे. काही जाती वर्षाला मिलिमीटरभरही वाढत नाहीत.)

लोणावळा समुद्रसपाटीपासून सव्वासहाशे मीटरच्या आसपास आहे आणि तिथे वर्षाला चार हजार मिलिमीटरच्या पुढे पाऊस पडतो. तिथून कामशेत, वडगाव, तळेगाव असे पूर्वेला निघाले की पाऊस झपाट्याने घटत जातो. दगडफुलाला मुळे नसतात, पानांवर असते तसे मेणाचे आवरणही नसते. पाणी आणि क्षार ते थेट हवेतून, पावसातून, धुक्यातून घेते. उन्हाळ्यात वाळून कुरकुरीत होते, मेल्यासारखे पडून राहते. पहिला वळीव आला की काही मिनिटांत फुगते, हिरवे होते आणि अन्न तयार करू लागते. त्यामुळे अंदर मावळ, नाणे मावळ, पवन मावळ या तिन्ही खोऱ्यांत घाटमाथ्यापासून पूर्वेला जावे तसा खोडांचा पोशाख बदलतो. राजमाचीकडच्या जंगलातल्या झाडावर पसरट पापुद्रे, फांद्यांवर झिपऱ्या. महामार्गालगतच्या झाडावर बहुतेक सालीला घट्ट चिकटलेले चिवट प्रकार. पिक्सिनी आणि फिसिया या प्रजातींतली काही दगडफुले धूर-धूळ बऱ्यापैकी सोसतात. नाजूक झिपऱ्यांचे प्रकार सोसत नाहीत. हवेत जे असेल ते सगळे शोषायचे, निवड करायची सोय नाही, हा त्यांचा स्वभावच त्यांना मारतो. न्युलांडर यांनी लक्झेंबर्ग बागेत जे पाहिले ते द्रुतगती मार्ग आणि देवराई यांच्यामधल्या दोन-चार किलोमीटरांतही पाहता येते.

महाराष्ट्रात या विषयाचे माहेर पुणे. शंकर पुरुषोत्तम आघारकर (१८८४-१९६०) हे मूळचे मालवणचे. कोलकाता विद्यापीठात प्राध्यापकपद मिळाल्यावर ते उच्च शिक्षणासाठी १९१४ मध्ये बर्लिनला गेले आणि पहिले महायुद्ध पेटल्यामुळे शत्रुराष्ट्राचे नागरिक म्हणून तिथे अडकले. नजरकैद सोसून, त्याच विद्यापीठाची पीएच.डी. घेऊन ते परतले. डे बारी यांना डॉक्टरकीची पदवी दिलेले आणि श्वेंडेनर यांनी तीन दशके शिकवलेले विद्यापीठ ते हेच. १९४६ मध्ये पुण्यात ‘महाराष्ट्र विज्ञानवर्धिनी’ सुरू झाली, तिचे आघारकर हे संस्थापक-संचालक. आपली मिळकतही त्यांनी संस्थेला दिली. १९९२ पासून संशोधन संस्थेला त्यांचेच नाव आहे.

आघारकरांनी स्वतः दगडफुलांवर आयुष्य घालवले नाही. ते काम त्यांच्या संस्थेत पी. जी. पटवर्धन, उर्मिला मखिजा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी केले. लखनौला धरणीधर अवस्थी (१९२२-२०११) यांनी भारतीय दगडफुलांच्या अभ्यासाची घडी बसवली, पण हिमालयातली मोठी, देखणी दगडफुले एकीकडे आणि सह्याद्रीतली सालीला चिकटलेली, ओळखायला महाकठीण ‘खपली’ दगडफुले दुसरीकडे. पुण्याच्या मंडळींनी हा दुसरा, कुणी फारसा हात न लावलेला भाग निवडला. वर उल्लेख आलेली रेघांची दगडफुले, त्यांची भावंडे थेलोट्रेमा, पायरेन्युला अशा गटांतल्या कित्येक नव्या जाती त्यांनी पश्चिम घाटातून जगापुढे आणल्या. ते नमुने आघारकर संस्थेतल्या अजरेकर कवक संग्रहालयात पाकिटांमध्ये जपलेले आहेत. भारतात दगडफुलांच्या अडीच हजारांहून अधिक जाती नोंदल्या गेल्या आहेत, जगात सुमारे वीस हजार. त्या आकड्यात सह्याद्रीचा जो वाटा दिसतो, त्यामागे या लोकांची भिंगाखाली घातलेली वर्षे आहेत. या कामाला वर्तमानपत्रात जागा मिळाली नाही, याचे आश्चर्य नाही. वाईट मात्र वाटते.

डे बारी यांची बेरीजही शेवटची ठरलेली नाही. २०१६ मध्ये टोबी श्प्रिबिले आणि सहकाऱ्यांनी काही दगडफुलांच्या वरच्या थरात आणखी एक बुरशी, यीस्टच्या रूपात, राहत असल्याचे दाखवले. सगळ्या दगडफुलांत ती असतेच असे नाही, आणि तिचे नेमके काम काय यावर मतभेद आहेत. शिवाय जिवाणूंची गर्दी असतेच. दोन जिवांचे घर म्हणता म्हणता ते चाळीसारखे निघाले, तर डे बारी यांना फारसा धक्का बसला नसता. एकत्र राहणारे दोघेच असावेत अशी अट त्यांनी घातलीच नव्हती.

मावळात मात्र एक प्रश्न आत्ताचा आहे. ११ जुलै २०२५ रोजी युनेस्कोने मराठा लष्करी स्थापत्याच्या बारा किल्ल्यांना जागतिक वारशाचा दर्जा दिला, त्यात लोहगड आहे. गडावर माणसांचा राबता वाढला, तशा साफसफाईच्या मोहिमाही वाढणार. लोहगडाच्या तटांवर, विसापूरच्या पडक्या भिंतींवर, भाजे-बेडसे-कार्ले लेण्यांच्या उजेडाकडच्या कातळावर दगडफुले आहेत. ती सोडत असलेली आम्ले आणि बुरशीचे धागे दगडाला हळूहळू पोखरतात हे खरे. पण तारेच्या ब्रशने ती ओरबाडली तर धाग्यांबरोबर दगडाचा वरचा कणही निघून येतो आणि नुकसान एका दुपारी होते. कुठली काढायची, कशाने काढायची आणि कुठली राहू द्यायची, हे पुरातत्त्व खात्याच्या रसायनतज्ज्ञांनी ठरवायचे काम आहे. तेव्हा पुढच्या मोहिमेला जाणाऱ्यांनी प्लॅस्टिक जरूर उचलावे, पायऱ्यांवरची माती काढावी, तारेचा ब्रश मात्र घरीच ठेवावा. आणि बंगल्यापुढच्या आंब्या-जांभळाच्या बुंध्याला दरवर्षी गेरू-चुना फासणाऱ्या लोणावळेकरांनी निदान एक झाड तसेच सोडून पाहावे.